प्रोबेशनवर काढलं ते काढलं, वर राजीनामाही मीच लिहून द्यायचा?

पत्र थोडक्यात असं: कळव्याला राहणारी २५ वर्षांची मुलगी, एमएससी केमिस्ट्री. महापे एमआयडीसीतल्या एका औषध कंपनीच्या क्यूसी (मालाची गुणवत्ता तपासणाऱ्या) लॅबमध्ये साडेआठ महिने नोकरी, पद 'ज्युनिअर एक्झिक्युटिव्ह', पगार हातात २४,५००. प्रोबेशन सहा महिन्यांचं होतं, ते संपायच्या आठवड्यात एका मेलवर तीन महिने वाढवलं. मागच्या महिन्यात सीनिअरने तिला पीएच मीटरच्या लॉगबुकवर चार दिवसांच्या कॅलिब्रेशनच्या 'चेक्ड बाय'च्या सह्या एकदम करायला सांगितल्या, मागच्या तारखा टाकून. त्यातले दोन दिवस तर ती रजेवर होती. तिने नाही म्हटलं आणि क्यूएला, म्हणजे नोंदी-नियम नीट पाळले जातात ना हे बघणाऱ्या विभागाला, मेल टाकला. बारा दिवसांनी एचआरने बोलावून टर्मिनेशनचं पत्र हातात दिलं आणि लगेच म्हणाले की सोमवारपर्यंत राजीनामा लिहून दे, म्हणजे हे पत्र परत घेतो, तुझं रेकॉर्ड क्लीन राहील, फुल अँड फायनल (शेवटचा सगळा हिशेब) ४५ दिवसांनी मिळेल. घरी तिने सांगितलेलं नाही, रोज डबा घेऊन निघते. एक कलीग म्हणतो २४० दिवस झाले म्हणजे तू पर्मनंटच, दुसरा म्हणतो तू एक्झिक्युटिव्ह, तुला लेबर कोर्ट लागूच होत नाही. ती विचारते, "प्रोबेशनवर हक्क नसतातच ना ताई, मग सही करून मोकळी होऊ का?" (ओळख पटू नये म्हणून काही तपशील बदललेत.)

अगं, पहिलं काम म्हणजे सोमवारी सही करू नकोस. फोनवर बोलवलं तरी नको, कॅबिनमध्ये चहा पाजून गोड बोलले तरी नको. "घरी विचारून मेलवर कळवते" एवढं म्हणायचं आणि उठायचं. बाकी सगळं आपण निवांत बघू, पण ही एक सही गेली की अर्धी केस तिथेच गेली, कारण मग कागदावर कंपनीने तुला काढलेलंच नसतं, तूच सोडून गेलेली असतेस, आणि बळजबरी झाली हे सिद्ध करायचं ओझं तुझ्या डोक्यावर येतं.

आता तू पत्राचा जो फोटो पाठवलायस तो मी तीनदा वाचला. तू लिहिलंयस की "त्यात काही खास नाही, नेहमीचंच आहे". नेहमीचं नाहीये गं. दुसऱ्या ओळीत बघ, "१४ तारखेच्या लॉगबुकच्या प्रकाराबाबत आपल्याशी झालेल्या चर्चेस अनुसरून" असं आहे, आणि त्याच्याखाली "आपली सेवा समाधानकारक नसल्याने". ही वरची ओळ कुणीतरी घाईत घातलीय आणि नंतर कुणाच्या तरी लक्षात आलंय. मला विचारशील तर राजीनाम्याची घाई त्यासाठीच चाललीय, त्यांना हे पत्र परत हवंय. मूळ प्रत जपून ठेव, ती कुणाला "फक्त बघायला"सुद्धा देऊ नकोस.

हे मी इतकं ठासून सांगतेय कारण मी वागळे इस्टेटमधल्या एका कारखान्यात पर्सोनेलला एकोणीस वर्षं काढलीत (तेव्हा एचआर म्हणायची पद्धत नव्हती) आणि असली पत्रं मी स्वतः टाइप केलीत. दोन ओळींची असायची, आपली सेवा समाधानकारक नाही, अमुक तारखेपासून आपणास कार्यमुक्त करण्यात येत आहे, बस. एक शब्द जास्त टाकायचा नाही असा साहेबांचा दंडक होता. पण त्याच फाइलमध्ये, पत्राच्या ऑफिस कॉपीच्या मागे, हिरव्या शाईतली एक नोट लावलेली असायची आणि खरं कारण तिथे असायचं. एका फिटरच्या फाइलला लिहिलेलं मला अजून आठवतं, "युनियनच्या पोरांत ऊठबस". त्या मुलाचं काम चांगलं होतं, रिजेक्शन जवळजवळ नाही. पत्रात मात्र काम असमाधानकारक. तो कोर्टात गेला नाही, प्रोबेशनवर काही होत नाही असं त्यालाही कुणीतरी सांगितलं होतं, आणि सांगणाऱ्यात मीही होते.

तर "हक्क नसतात" हे अर्धं खरं आहे, आणि अर्धं खरं जास्त घातक. प्रोबेशन म्हणजे कंपनीने तुझं काम पारखायचा काळ. पारखलं, पटलं नाही, काढलं, तर त्यासाठी चार्जशीट, चौकशी वगैरे काही लागत नाही, आणि सुप्रीम कोर्टाने २००१ मध्ये पवनेंद्र नारायण वर्मांच्या केसमध्ये सांगितलंय की "काम आणि वर्तन समाधानकारक नाही" एवढं लिहिणं म्हणजे कलंक नाही. पण पारखायच्या नावाखाली शिक्षा करायची नाही. खरा मुद्दा एखाद्या आरोपाचा असेल, की हिने अमुक केलं, तमुक ऐकलं नाही, आणि त्या आरोपावरच काढलं असेल, तर तुला बाजू मांडायची संधी द्यायला हवी होती. कोर्टाची भाषा अशी की तो प्रकार काढण्यामागचा नुसता 'हेतू' होता की काढण्याचा 'पाया'च होता. हेतू असेल तर ऑर्डर टिकते, पाया असेल तर पडते. ऐकायला बारीक वाटतं, आणि आहेच बारीक, वकिलांची अर्धी भांडणं यावरच चालतात.

अनूप जयस्वालांची केस तुझ्याशी अगदी जुळते. हे आयपीएसचे ट्रेनी होते, हैदराबादच्या पोलिस अकादमीत. १९८१ च्या जूनमध्ये एका सकाळी पावसामुळे ट्रेनी पीटीला उशिरा पोहोचले, वरिष्ठांना वाटलं की हा मुद्दाम केलेला प्रकार आहे आणि हा त्यातला एक पुढारी. काही महिन्यांनी साधी सरळ डिस्चार्जची ऑर्डर, कारण काही नाही, प्रोबेशनर होता म्हणून काढला. सुप्रीम कोर्टाने १९८४ मध्ये म्हटलं की ऑर्डर साधी दिसते म्हणून आम्ही तिथेच थांबणार नाही, मागे काय आहे ते बघू, आणि मागे ती पीटीची सकाळच होती. त्यांना परत घेतलं. नंतर १९९९ मध्ये दीप्ती प्रकाश बॅनर्जींच्या केसमध्ये, कोलकात्याच्या एका संशोधन संस्थेची ती, कोर्ट म्हणालं की आरोप टर्मिनेशनच्या पत्रातच हवा असं नाही, त्या पत्रात ज्या जुन्या कागदांचा संदर्भ दिलाय त्यातला आरोपही धरला जाईल. आता परत तुझी दुसरी ओळ वाच.

या दोन्ही केसेस सरकारी किंवा सरकारी छापाच्या नोकऱ्यांच्या, तिथे संविधानाचा आधार असतो, खासगी कंपनीत तो तसाच्या तसा मिळत नाही हे खरं. पण कामगार असशील तर रस्ता आहे. मुंबईतल्याच चार्टर्ड बँकेच्या केसमध्ये १९६० सालीच ठरलंय की कंपनीने "साधा डिस्चार्ज" म्हटलं तरी ट्रायब्युनल त्या शब्दांच्या मागे जाऊन बघू शकतं.

मग तू कामगार आहेस का? तुझा दुसरा कलीग इथे चुकतोय, आणि नवी मुंबईच्या निम्म्या पोरापोरींचा हाच गैरसमज असतो, कारण आजकाल बाटल्यांना लेबल लावणाऱ्यालाही एक्झिक्युटिव्ह म्हणतात. कार्डावर काय छापलंय ते कोर्ट बघत नाही, दिवसभर हाताने काय करतेस ते बघतं. तू सॅम्पल लावतेस, रीडिंग घेतेस, नोंदी करतेस, तुझ्या हाताखाली कुणी नाही, कुणाची रजा तू मंजूर करत नाहीस. हे टेक्निकल काम, आणि टेक्निकल काम करणारा कामगारच. पगाराची अट आहे ती सुपरवायझरी काम करणाऱ्यांना, नव्या कायद्यात महिना १८,००० च्या वर पगार असलेला सुपरवायझर बाहेर जातो, तुझ्यासारख्या अॅनालिस्टला ती मर्यादा लागूच नाही. नवा कायदा म्हणजे औद्योगिक संबंध संहिता, २०२० चा आहे पण लागू झाला २१ नोव्हेंबर २०२५ ला, १९४७ च्या औद्योगिक विवाद कायद्याच्या जागी. ऑनलाइन शोधशील तर जुन्या कायद्याची कलमंच जास्त सापडतील, गोंधळू नकोस.

पहिल्या कलीगचं २४० दिवसांचं. हे एमआयडीसीतलं सगळ्यात लाडकं मिथक आहे. २४० दिवस भरले म्हणून कुणी आपोआप पर्मनंट होत नाही. तो आकडा कशासाठी, तर वर्षभरात २४० दिवस भरलेल्या कामगाराची कपात करायची झाली तर महिन्याची नोटीस किंवा पगार आणि नुकसानभरपाई द्यावी लागते त्यासाठी. तुझे दिवस बहुधा भरतील, कारण पगारी रविवार आणि पगारी सुट्ट्या त्यात धरतात (अमेरिकन एक्सप्रेस बँकेच्या केसमध्ये १९८५ ला ठरलंय). पण एलआयसीच्या एका प्रोबेशनरच्या केसमध्ये १९९४ ला सुप्रीम कोर्टाने म्हटलंय की प्रोबेशनच्या मुदतीत, नेमणुकीच्या अटीप्रमाणे काढलं तर ती कपात धरायचीच नाही. म्हणून २४० वर सगळी इमारत उभी करू नको, तो बाजूचा मुद्दा म्हणून वकिलाला सांग. तसंच सहा महिने उलटले म्हणजे पर्मनंट झालेच, हेही नाही. अपॉइंटमेंट लेटरमध्ये "लेखी कन्फर्म करेपर्यंत प्रोबेशन चालू राहील" असं असतं बहुतेक वेळा, तुझ्यात काय आहे ते बघ. जिथे नियमात जास्तीत जास्त मुदतच ठरवून दिलेली असते तिथली गोष्ट वेगळी.

आता एक नावडता प्रश्न विचारते, रागावू नकोस. प्रोबेशन वाढवलं ते लॉगबुकच्या प्रकाराच्या आधी. का वाढवलं? तू एका ओळीत उडवून लावलंयस, "सगळ्यांचंच वाढवतात". खरंच सगळ्यांचं वाढवलं का, की तुझं एकटीचं? आधी काही चुका, रिपोर्ट उशिरा, सीनिअरचा एखादा मेल? कारण समोरचा वकील नेमकं तिथेच बोट ठेवेल, की हिचं काम आधीपासूनच कमी होतं, लॉगबुक हे निमित्त. असं काही असेल तर ते वकिलाला पहिल्या भेटीत सांग, लपवू नकोस. आणि नसेल, एकही लेखी ताकीद नसेल, तर तेही तितकंच मोठं आहे, साडेआठ महिन्यांत कागदावर एक तक्रार नाही आणि मेल टाकल्यावर बाराव्या दिवशी अचानक काम वाईट.

आज रात्री बसून एक पान लिही. कुठल्या तारखेला, किती वाजता, कोण काय म्हणालं, लॅबमध्ये आणखी कोण उभं होतं, लॉगबुकचा नंबर, पान नंबर, मीटरचा आयडी, जे आठवेल ते. लॉगबुकचे फोटो मात्र काढायला जाऊ नकोस, काढले असतील तर कुणाला पाठवू नकोस. त्यावरून गोपनीयतेचा भंग म्हणून तुझ्यावरच उलटवतील. पानाचा नंबर माहीत असेल तर कंपनीने ते पान हजर करावं असं कोर्टाकडे मागता येतं. तुझे स्वतःचे कागद म्हणजे अपॉइंटमेंट लेटर, मुदतवाढीचा मेल, पगाराच्या स्लिपा, त्या दोन दिवसांची मंजूर रजा, टर्मिनेशनचं पत्र, हे सगळं घरच्या कॉम्प्युटरवर नाहीतर फोनवर घेऊन ठेव, कंपनीचं मेल लॉगिन कधी बंद होईल सांगता येत नाही. क्यूएला टाकलेल्या मेलची तारीख आणि वेळ नीट दिसेल असं ठेव.

सोमवारी मेल टाक, चार ओळींचा, रडगाणं नको. मला अमुक तारखेला टर्मिनेशनचं पत्र मिळालं, मला राजीनामा द्यायला सांगण्यात आलंय, मी राजीनामा देत नाहीये, पत्रात उल्लेख केलेल्या १४ तारखेच्या प्रकाराबाबत माझं म्हणणं कधीही लेखी मागवलेलं नाही, आणि माझा देय पगार द्यावा. बास. त्यात एफडीएचं, म्हणजे अन्न व औषध प्रशासनाचं, नाव काढू नकोस. खोट्या नोंदींची तक्रार तुला एफडीएकडे करायची असेल तर जरूर कर, औषधाचा मामला आहे, पण ती स्वतंत्रपणे. "पैसे द्या नाहीतर एफडीएत जाईन" असा वास जरी आला तरी खंडणीचा आरोप करायला त्यांना आयतं मिळेल.

पैशांचं सांगते, कारण ४५ दिवसांची थाप मीही पूर्वी मारलेली आहे. वेतन संहितेप्रमाणे नोकरी सुटली, काढली किंवा सोडली, तरी कामाच्या दोन दिवसांत देय वेतन द्यायचं असतं. कंपनीची पॉलिसी काही म्हणो. वर अपॉइंटमेंट लेटरमध्ये प्रोबेशनसाठी जी नोटीस लिहिलीय, कुठे सात दिवस असते कुठे महिना, ती दिली नसेल तर तेवढा पगार वेगळा माग. पीएफ कुठे जात नाही, यूएएन (पीएफचा तुझा कायमचा नंबर) तोच राहतो, आणि कंपनीने एक्झिट डेट टाकली नाही तर शेवटच्या जमेनंतर दोन महिन्यांनी पोर्टलवर तुझी तुला टाकता येते.

दाद मागायच्या दोन वाटा आहेत. एक लेबर ऑफिसची. ठाण्यात कामगार उपायुक्तांचं कार्यालय आहे, तिथे अर्ज द्यायचा, समेट अधिकारी कंपनीला बोलावतो, समोरासमोर बसवतो. यासाठी दोन वर्षांची मुदत आहे. दुसरी आपल्या महाराष्ट्राची खास वाट, १९७१ चा अनुचित कामगार प्रथांचा कायदा, वकील त्याला 'यूएलपी टाकणं' म्हणतात. सूडापोटी, खोटं कारण दाखवून किंवा बाजू न ऐकता काढणं ही त्यात अनुचित प्रथा आहे आणि तक्रार थेट लेबर कोर्टात करता येते, पण ९० दिवसांत. उशीर सबळ कारणाने माफ होऊ शकतो, पण त्या भरवशावर राहू नकोस. पत्राची तारीख कॅलेंडरवर लिही आणि त्यापुढे ९० मोज. कुठली वाट घ्यायची ते वकील ठरवेल. फी परवडत नाही म्हणून थांबू नकोस, स्त्रियांना उत्पन्न कितीही असलं तरी मोफत कायदेशीर मदत मिळते, औद्योगिक कामगारालाही मिळते, ठाणे जिल्हा न्यायालयात विधी सेवा प्राधिकरणाचं ऑफिस आहे, किंवा १५१०० वर फोन कर.

हे सगळं झालं तरी एक ठरवावं लागेल, तुला नक्की हवंय काय. तुझ्या पत्रात तीन मुली बोलतात, एकीला नोकरी परत हवीय, एकीला रेकॉर्ड, आणि एकीला त्या सीनिअरने तोंडावर कबूल करायला हवंय की चूक त्याची होती. तिसरी गोष्ट कुठलंच कोर्ट देत नाही, ती सोड. नोकरी परत मिळू शकते पण वर्षं जातात, आणि मिळाली तरी त्याच लॅबमध्ये, त्याच सीनिअरसमोर उभं राहायचंय. दुसरी नोकरी लागली तर केस मरत नाही, मधल्या काळाच्या पगाराचा हिशेब मात्र कमी होतो. रेकॉर्डचं म्हणशील तर ते आत्ता तुझ्या हातात आहे, कारण त्यांचं पत्र फसलंय. माझं मत सांगू? लेबर ऑफिसला अर्ज टाक आणि दुसऱ्या नोकरीचे इंटरव्ह्यू आजपासूनच सुरू कर. तिथे बसून मागायचं काय, तर ते पत्र मागे घ्या, त्या ओळीशिवाय साधं रिलीव्हिंग आणि एक्स्पिरिअन्स लेटर द्या, नोटीस पे आणि वर दोन-तीन महिन्यांचा पगार. अशा ठिकाणी राजीनामा दिलास तरी चालेल, पण तो सगळं लिहून, सही-शिक्का होऊन, चेक हातात आल्यावर. आज तुझ्याकडे मागतायत तो फुकटचा आहे.

अशाच तऱ्हेची आणखी पत्रं आलीत म्हणून दोन शब्द. डोंबिवलीच्या शिक्षिकेने विचारलंय, तुम्ही कामगार धरल्या जात नाही, तुमचा कायदा वेगळा, १९७७ चा खासगी शाळांचा, दोन वर्षांचं प्रोबेशन, त्यात काढायचं तर महिन्याची नोटीस किंवा पगार, आणि शाळा न्यायाधिकरणाकडे अपील ३० दिवसांत, म्हणजे तुमची घाई हिच्यापेक्षा जास्त. गरोदर असल्याचं सांगितल्यावर जिचं प्रोबेशन "संपवलं" तिने तर तडक वकील गाठावा, मातृत्व लाभाला मागच्या बारा महिन्यांत ८० दिवस काम पुरतं आणि त्यात प्रोबेशनर वेगळा काढलेला नाही. आणि ज्यांच्या हाताखाली खरोखर टीम आहे, माणसं घ्यायचे-काढायचे अधिकार आहेत, त्यांना लेबर कोर्ट नाही, त्यांच्यासाठी अपॉइंटमेंट लेटरमधल्या अटी आणि दिवाणी कोर्ट, तेव्हा ते लेटर घेतानाच वाचा, जॉइन झाल्यावर नाही.

घरचं राहिलं. तू लिहिलंयस की सकाळी ठाण्याला नऊ नंबरवरून नेहमीची वाशी लोकल पकडतेस, घणसोलीला उतरतेस, महाप्याच्या शेअर रिक्षांची रांग तशीच पुढे जाऊ देतेस आणि प्लॅटफॉर्मच्या टोकाच्या बाकावर साडेबाराला डबा उघडतेस. आई अजूनही दोन पोळ्या जास्त देते, शिफ्ट लांबली तर म्हणून. रविवारी सांग त्यांना. पत्र पुढ्यात ठेवून सांग, आणि लॉगबुकचं आधी सांग, काढल्याचं नंतर. तुझे बाबा आयुष्यभर वर्कशॉपमध्ये होते असं लिहिलंयस, मागच्या तारखेची सही म्हणजे काय हे त्यांना कुणी समजवायला लागणार नाही.

आणि सोमवारी आयकार्ड, लॅबकोट, लॉकरची चावी मागतील, तर दे, पण एका कागदावर काय काय दिलं ते लिहून त्यावर तारखेसकट पोच घे. पोच देत नसतील तर गेटवरून परत ये आणि तेच सामान स्पीड पोस्टने, पोच मागवून पाठव.